घरचे चॉकलेट फ्रॉस्टिंग: या चुका टाळा

केक छान फुगतो, मऊ होतो आणि वरच्या चॉकलेटाने सगळा घात होतो, ही तक्रार घेऊन माझ्या ओट्यापाशी आजवर इतकी माणसे आली आहेत की बिघडलेल्या केकचा फोटो पाहण्याआधीच मी विचारते, "चॉकलेट वितळवताना वर झाकण ठेवले होते का?" बहुतेक वेळा उत्तर "हो ताई, का बरे?" असेच येते.

मी डोंबिवलीत घरी केकचे छोटे वर्ग घेते. चॉकलेट फ्रॉस्टिंगचे दोनच प्रकार मी नवशिक्यांना शिकवते, कारण घरच्या केकला ते पुरतात. पहिला गनाशचा: 200 ग्रॅम डार्क चॉकलेट आणि 100 मिलि फ्रेश क्रीम. दुसरा बटर आणि कोकोचा: 100 ग्रॅम बिनमिठाचे बटर, 175 ग्रॅम आयसिंग शुगर, 40 ग्रॅम कोको पावडर आणि लागेल तसे दोन-तीन मोठे चमचे दूध. यांपैकी कोणतेही एक माप अर्ध्या किलोच्या केकला सहज पुरते. जिन्नस मोजके आहेत आणि कृतीही छोटी आहे, त्यामुळे लोकांना वाटते की यात चुकण्यासारखे काय असणार. पण चॉकलेट, बटर आणि क्रीम हे तिन्ही स्निग्ध पदार्थ आहेत. पाणी आणि उष्णता यांच्या बाबतीत ते अतिशय हळवे असतात आणि तिथली हयगय मागाहून साखर वाढवून भरून निघत नाही.

वितळणाऱ्या चॉकलेटावर झाकण

आपल्या स्वयंपाकघरात वाफेवर चढलेल्या प्रत्येक पदार्थावर झाकण पडते. मोदक असोत, अळूवडी असो की ढोकळा, झाकणावाचून वाफ कोंडत नाही, त्यामुळे हाताला ती सवयच लागलेली असते. चॉकलेटाच्या बाबतीत हीच सवय नडते.

माझ्या वडिलांच्या पंचाहत्तरीला आम्ही सगळे चिपळूणजवळच्या आमच्या गावी जमलो होतो. मे महिना होता. गावात चांगले चॉकलेट मिळणार नाही म्हणून मी 400 ग्रॅमची लादी बर्फाच्या पिशव्यांमध्ये गुंडाळून डोंबिवलीहून नेली होती. सकाळी पातेल्यात पाणी तापत ठेवले, वर स्टीलचे वाडगे बसवले, चॉकलेट अर्धेअधिक वितळले आणि तेवढ्यात अंगणातून हाक आली. मी जेमतेम दोन मिनिटे बाहेर गेले असेन. माशी बसू नये या काळजीपोटी काकूंनी वाडग्यावर ताटली झाकली. परत येऊन मी ती उचलली तेव्हा तिच्या खालच्या अंगाला टपोरे थेंब लोंबत होते आणि उचलता उचलता त्यांतले काही चॉकलेटात पडले. मी ढवळत राहिले. चार-पाच फेऱ्यांतच चॉकलेटाची चकाकी गेली, चमचा जड लागू लागला आणि बघता बघता सगळ्याचा खरखरीत, मातकट गोळा झाला. भाकरीच्या पिठाला पाणी कमी पडले की परातीत ते जसे तुटते, तसा तो चमच्याभोवती तुटत होता. मी घाबरून आच वाढवली. गोळा आणखी कोरडा झाला आणि कडेने तेल सुटले. शेवटी तो मी टाकून दिला आणि केकवर नुसती पिठीसाखर भुरभुरली. वडिलांनी केक आवडीने खाल्ला, पण ते टाकलेले चॉकलेट मला आजही टोचते, कारण ते वाचवता आले असते.

चॉकलेटात पाणी जवळजवळ नसतेच. वितळलेल्या कोको बटरमध्ये, म्हणजे कोकोच्या बियांतल्याच स्निग्धतेत, साखरेचे आणि कोकोचे अतिशय बारीक कण पसरलेले असतात. त्यात थेंबभर पाणी गेले की साखरेचे कण ओले होऊन चिकटतात, एकमेकांना धरतात आणि गोळा होतो. पाणी पुरेसे मिळाले, तर मात्र साखर विरघळते आणि मिश्रण पुन्हा सैल होते. म्हणजे अर्धा चमचा पाणी चॉकलेट बिघडवते आणि चार-पाच मोठे चमचे गरम क्रीम तेच चॉकलेट सावरते. त्यामुळे गोळा झाला तर गॅस ताबडतोब बंद करावा आणि 200 ग्रॅम चॉकलेटला एकेक मोठा चमचा गरम क्रीम किंवा दूध घालून वाडग्याच्या मधोमध लहान वर्तुळात घोटत राहावे. पहिल्या दोन चमच्यांना ते अधिकच वाईट दिसते आणि अधीर माणसे नेमकी तिथेच हात टेकतात. चौथ्या-पाचव्या चमच्याला चकाकी परत येऊ लागते. या चॉकलेटाची लादी पुन्हा जमणार नाही, परंतु फ्रॉस्टिंगसाठी ते उत्तम चालते.

माझी स्वतःची पद्धत अशी आहे. पातेल्यात दोन बोटे पाणी घेऊन ते गरम करते, वाफ दिसू लागली की गॅस बंद करते आणि मगच वाडगे वर ठेवते. वाडगे पातेल्यापेक्षा रुंद असावे, म्हणजे कडेने येणारी वाफ आत शिरत नाही, आणि त्याचा तळ पाण्याला टेकू नये. लाकडी चमचा मी वापरत नाही, कारण तो धुतल्यावर कोरडा दिसला तरी ओल धरून असतो. वाडगे उचलल्यावर आधी त्याचा तळ फडक्याने पुसते, कारण ओतताना तळाचे पाणी नेमके फ्रॉस्टिंगमध्ये ओघळते. यात पाच मिनिटे जास्त जातात आणि ती घालवावीत असे माझे ठाम मत आहे.

मायक्रोवेव्हला माझा विरोध नाही. मात्र चॉकलेटाचे तुकडे आतून वितळले तरी वरून आकार धरून राहतात, त्यामुळे "अजून झालेच नाही" असे समजून लोक आणखी मिनिटभर लावतात आणि मधले चॉकलेट जळते. दर 20-25 सेकंदांनी बाहेर काढून ढवळावे. डार्क चॉकलेट 50 अंशांच्या आणि मिल्क चॉकलेट 45 अंशांच्या वर जाऊ देऊ नये. वाडगे हातात सहज धरता यावे, हीच माझी खूण. जळक्या चॉकलेटाला उपाय नाही.

कोमट केक

दुसरी चूक याहून सोपी आहे आणि ती केवळ घाईने होते. केक वरून गार लागला म्हणजे आतूनही गार झाला, असे समजले जाते. सात इंची केक ओव्हनमधून काढल्यावर दहा-पंधरा मिनिटे भांड्यात आणि नंतर जाळीवर निदान दोन तास ठेवावा लागतो. माझ्याकडे शिकायला येणाऱ्या एका मुलीने मुलाच्या वाढदिवसाचा केक पाऊण तासात पंख्याखाली गार करून त्यावर बटरचे फ्रॉस्टिंग लावले होते. लावताना ते सुरेख बसले. अर्ध्या तासाने आतली ऊब वर आली, बटर सैल झाले, वरचा थर हळूहळू एका बाजूला सरकला आणि कडेचे फ्रॉस्टिंग खाली ताटात जमा झाले. बटरमधली स्निग्धता तिशीच्या आसपासच्या अंशांना जवळपास वितळते, मग कोमट केकवर ते टिकणार कसे?

गार झाल्याची खात्री करायची असेल, तर केकच्या मधोमध सुरीचे पाते खुपसून दहा सेकंद ठेवावे आणि मनगटाच्या आतल्या बाजूला लावून पाहावे. किंचित जरी ऊब जाणवली, तरी थांबावे. पंख्याने केकची कड वाळते, फ्रीजरमध्ये घाईने ठेवलेला केक बाहेर काढताच पाणी धरतो. हे दोन्ही आडमार्ग मला मान्य नाहीत. मी केक आदल्या रात्री भाजते, पूर्ण गार झाल्यावर गुंडाळून फ्रीजमध्ये ठेवते आणि फ्रॉस्टिंग दुसऱ्या दिवशी लावते. गार केकचा चुरा कमी पडतो. तरीही आधी एक पातळ हात देऊन सुटलेला चुरा बसवावा, वीस मिनिटे केक फ्रीजमध्ये ठेवावा आणि मग खरा थर लावावा.

गनाश फाटते तेव्हा

उकळते क्रीम चॉकलेटावर ओतून लगेच जोरजोरात ढवळणे हे फाटण्याचे नेहमीचे कारण. क्रीमच्या कडेला बुडबुडे दिसू लागले की गॅस बंद करावा, क्रीम बारीक चिरलेल्या चॉकलेटावर ओतावे आणि दोन मिनिटे त्याला हातही लावू नये. त्यानंतर मधून सुरुवात करून बाहेरच्या बाजूला सावकाश ढवळावे. कडेने तूप सुटून मिश्रण दाणेदार दिसू लागले, तर त्यात चहाचा एक चमचा कोमट दूध घालून घोटावे, लागल्यास आणखी एक घालावा. दहातल्या नऊजणी अशा वेळी उलट आणखी चॉकलेट घालतात, आणि आधीच जास्त झालेली स्निग्धता त्याने आणखी वाढते.

आपल्याकडे पाकिटात मिळणाऱ्या अमूल फ्रेश क्रीममध्ये 25 टक्के स्निग्धांश असतो. गनाशला ते चांगले आहे, मात्र कितीही फेटले तरी ते फुलून उभे राहत नाही. फेटायचे क्रीम निदान 30 आणि शक्यतो 35 टक्क्यांचे लागते. तासभर बीटर चालवून "क्रीमच खराब निघाले" म्हणणाऱ्यांनी पाकिटावरचा आकडा आधी वाचावा.

तयार गनाश लगेच लावण्याजोगे नसते. ते झाकून ओट्यावरच ठेवावे. चमच्यावरून पडताना त्याची घडी दिसू लागली की लावावे. फ्रीजरमध्ये ठेवले तर कडा दगडासारख्या होतात, मध्य पातळ राहतो आणि लावताना गुठळ्या येतात. मुंबईच्या मे महिन्यात ते बाहेर घट्टच होत नसेल, तर फ्रीजमध्ये ठेवून दर पाच मिनिटांनी ढवळावे.

लोणी, साखर आणि कोको

घरचे लोणी वापरू का, हा प्रश्न प्रत्येक वर्गात येतो. ताजे लोणी माझ्याही जीवाचे आहे, परंतु विरजलेल्या सायीच्या लोण्यात ताकाचा अंश आणि आंबटपणा राहतो आणि पाणीही विकतच्या बटरपेक्षा जास्त असते. चार वेळा बर्फाच्या पाण्यात धुतले तरी त्याचे फ्रॉस्टिंग थोड्या वेळाने पाणी सोडते. ते थालीपिठावर घ्यावे. पिवळे टेबल बटरही नको. त्यात नियमाप्रमाणे 3 टक्क्यांपर्यंत मीठ चालते आणि ते चॉकलेटात स्पष्ट लागते. बटर मऊ हवे, वितळलेले नको: बोटाने दाबल्यावर खळगा पडावा, पण बोट तेलकट होऊ नये.

मिक्सरवर दळलेली साखर दाताखाली येते, कारण स्निग्ध पदार्थात साखर विरघळत नाही. घरची पिठीसाखर वापरायचीच असेल, तर ती वस्त्रगाळ करावी आणि 100 ग्रॅमला सपाट चहाचा चमचाभर कॉर्नफ्लोअर मिसळावे. कोको न चाळता घालू नये. मी तो दोन-तीन चमचे गरम दुधात कालवून, पूर्ण गार करून मग बटरमध्ये घालते. गुठळ्या राहत नाहीत आणि चवही खुलते. कोकोऐवजी ड्रिंकिंग चॉकलेट मुळीच घालू नये, त्यात मुख्यतः साखरच असते. फ्रॉस्टिंग सैल झाले, तर लगेच साखर ओतू नये, आधी वाडगे दहा मिनिटे फ्रीजमध्ये ठेवावे. सैलपणा बहुधा उष्णतेचाच असतो. दूध एका वेळी एक चमचा, तेही गार नव्हे, खोलीच्या तापमानाचे.

पावसाळ्यात, विशेषतः कोकणात आणि मुंबईत, फ्रीजमधून काढलेल्या केकवर हवेतली आर्द्रता थेंब होऊन बसते आणि चकाकणारे गनाश डागाळते. म्हणून केक बंद डब्यातच फ्रीजमध्ये ठेवावा आणि बाहेर काढल्यावरही डबा तसाच बंद ठेवावा, म्हणजे पाणी केकवर न धरता डब्यावर धरते. साधारण पाऊण तासाने डब्याच्या बाहेरचे थेंब सुकतात. तोपर्यंत मुलांनी कितीही घाई केली तरी झाकण उघडू नये.