गावच्या जंगलातला माल कंपनी नेते, मग गावाचा वाटा मागायचा कसा?

बाळहिरड्याच्या दिवसात जुन्नर, आंबेगाव, भीमाशंकरच्या डोंगरात गेलात तर घरोघरी अंगणात हिरडा वाळत घातलेला दिसतो. पोरं झाडावर, बायका खाली वेचायला, मग वाळवण, आणि शेवटी व्यापाऱ्याचा टेम्पो येतो, काटा लावतो, भाव तो सांगेल तो. इथपर्यंत सगळ्यांना माहितीये. पण तोच हिरडा पुढे कुठल्यातरी कंपनीच्या चूर्णात जातो आणि त्या विक्रीतला थोडा हिस्सा कायद्याने गावाकडे परत यायला पाहिजे, हे भल्याभल्या सरपंचांना माहीत नसतंय. मी आमच्या गावच्या जैवविविधता समितीत चार वर्षं काढलीत, त्यातली पहिली दोन नुसती कागद शोधण्यात गेली, म्हणून म्हटलं जे कळलं ते लिहून टाकू, दुसऱ्या कुणाची दोन वर्षं तरी वाचतील.

आधी एक गोष्ट डोक्यात पक्की करा. हिरड्याचा भाव वेगळा आणि हा वाटा वेगळा. भाव वेचणाऱ्याला मिळतो, मेहनतीचा. वाटा मिळतो तो गावाला, कारण ती झाडं गावानं राखलीत म्हणून. व्यापारी म्हणतो "पैसे दिले ना एकदा", तेव्हा हेच सांगायचं.

कायदा आहे जैवविविधता कायदा, 2002 चा. 2023 मध्ये त्यात बरीच दुरुस्ती झाली, ती 1 एप्रिल 2024 पासून लागू आहे. देशी कंपन्या आधी म्हणायच्या की हे वाटा-बिटा फक्त परदेशी कंपन्यांना, आम्ही तर इथलेच. त्यावर उत्तराखंड हायकोर्टाने डिसेंबर 2018 मध्ये दिव्य फार्मसी या आयुर्वेदिक औषधं बनवणाऱ्या कंपनीच्या केसमध्ये स्वच्छ सांगितलं की देशी कंपनीलाही वाटा द्यावा लागेल. तेव्हा हा वाद आता कुणी उकरून काढला तर त्या निकालाचं नाव घ्या, समोरचा जरा सरळ बसतो.

आता कामाला लागू. सगळ्यात आधी ग्रामपंचायतीत जाऊन विचारा की आपली जैवविविधता व्यवस्थापन समिती कुठंय. सरकारी लोक तिला बीएमसी म्हणतात, पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मला वाटलं मुंबई महापालिकेचं आपल्याकडे काय काम. कागदावर ती जवळजवळ प्रत्येक गावात आहे, कारण राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणाने, म्हणजे पर्यावरणाच्या कोर्टाने, 31 जानेवारी 2020 पर्यंत सगळीकडे समित्या आणि नोंदवह्या करा नाहीतर राज्याला महिन्याला 10 लाख भरायला लावू असा दम दिला होता. मग काय, धडाधड झाल्या. आमच्या समितीतल्या एका मेंबरला तर तो मेंबर आहे हेच माहीत नव्हतं. यादी मागा, नावं बघा, नावापुरती समिती असेल तर ग्रामसभेत विषय घेऊन नवीन करून घ्या. आत्ताच्या कायद्यात मेंबर कमीत कमी 7 आणि जास्तीत जास्त 11. त्यात जंगलात रोज जाणारी माणसं घ्या, वेचणाऱ्या बायका घ्या, झाडपाला देणारी एखादी आजी घ्या, नाहीतर सगळे पारावर बसणारेच भरतात आणि मग करवंद कुठं पिकतं तेही दुसऱ्याला विचारायला लागतं.

मग नोंदवही. लोक जैवविविधता नोंदवही, म्हणजे गावात काय उगवतं, कुठं, किती, कोण वापरतं, कशाला. ही खरी चावी आहे, आणि इथंच सगळा घोळ. आमच्याकडे ती एका संस्थेनं करून दिली होती, छान स्पायरल बाइंडिंग, आणि आत पाहिलं तर समुद्रातले मासे. आम्ही घाटावर! कुठल्यातरी किनाऱ्यावरच्या गावाची फाईल उचलून नाव बदललेलं. हसू नका, तुमची काढून बघा एकदा.

ही नीट का पाहिजे? तर कंपनीने पैसे भरले आणि माल कुठून आला हे सापडलं नाही तर तो पैसा कुठल्या एका गावाला जात नाही, वरच राहतो आणि सर्वसाधारण संवर्धनाला वापरला जातो. म्हणजे चोरी कुणी केली नाही तरी तुमचे पैसे गेले. म्हणून झाडाचं स्थानिक नाव, शिवाराचं नाव, अंदाजे झाडं किती, हंगाम कुठला, दरवर्षी किती पोती निघतात, हे सगळं साध्या भाषेत लिहा. शास्त्रीय नाव कॉलेजच्या मास्तरांकडून नंतर घाला, पण शिवाराचं नाव मास्तर सांगू शकत नाहीत.

आणि आता महत्त्वाचं, नोंदवहीत औषधाची कृती लिहू नका. कुठल्या झाडाचा औषधाला उपयोग होतो आणि ते कुणाला माहितीये इतकं लिहा, पण किती पानं, कशात वाटायची, कधी द्यायची हे नाही. याच्यावर आमच्यात भांडण झालं, एक जण म्हणाला लिहिलं नाही तर पुरावा कसा. त्याचंही खरं आहे. हळदीचं उदाहरण तोच देत होता, अमेरिकेत 1995 मध्ये हळदीने जखम भरण्यावर पेटंट दिलं गेलं, डॉ. माशेलकरांच्या काळात सीएसआयआर या सरकारी संशोधन संस्थेने त्याला आव्हान दिलं आणि 1997 मध्ये ते रद्द झालं, ते कशामुळं, तर जुने लेखी संदर्भ दाखवता आले म्हणून. पण हळद सगळ्या देशाची. आजीचा झाडपाला एकट्या आजीचा, तो छापला की कुणीही उचलेल. आम्ही शेवटी मधला मार्ग काढला, कृती एका पाकिटात बंद करून आजीची सही आणि तारीख घालून समितीकडे ठेवली, तिच्या परवानगीशिवाय उघडायची नाही असा ठराव. कायद्यात असं काही लिहिलेलं नाहीये, आमचा आपला जुगाड.

ज्ञानाच्या वाटणीचं म्हणाल तर केरळची गोष्ट प्रत्येकानं ऐकायला हवी. 1987 मध्ये अगस्त्य डोंगरात शास्त्रज्ञ फिरत होते, सोबतची कणी आदिवासी पोरं कसलीशी फळं खात होती आणि दमतच नव्हती. विचारत विचारत आरोग्यपच्चा नावाची वनस्पती कळली, तिच्यापासून जीवनी नावाचं औषध निघालं, ते एका आयुर्वेदिक कंपनीला 10 लाख रुपये आणि 2 टक्के रॉयल्टीवर दिलं, आणि त्यातला निम्मा हिस्सा कणी लोकांना द्यायचं त्या शास्त्रज्ञांच्या संस्थेनं ठरवलं. 1997 मध्ये त्यांचा ट्रस्ट झाला. जगभर याचं कौतुक झालं. पण आत बघितलं तर अडचणी पुष्कळ, माहिती दिली दोन-तीन वाटाड्यांनी आणि बाकीच्या पाड्यांना कुणी विचारलंच नव्हतं, त्यांची नाराजी वेगळी, आणि पानं जंगलातली म्हणून वनखात्याशी खटका वेगळा. आपण काय घ्यायचं यातून, तर माहिती सांगायच्या आधी सगळ्या वाड्यांची सभा घ्या, एकाच्या तोंडून गाव बोलत नाही. कॉलेजची पोरं, संशोधक येतात, चहा पाजा, फिरवा, पण फॉर्म भरून घ्या, नाव, संस्था, कशासाठी, आणि गावची माहिती पुढं धंद्याला किंवा पेटंटला वापरली तर कळवू अशी सही. भारतीय संशोधकाला नुसत्या अभ्यासासाठी परवानगी लागत नाही, त्यामुळे अडवू नका, पण लिहून घ्यायला काय जातंय.

आता पैशाचं. ते यायचे दोन रस्ते आहेत, लोक यांची गल्लत करतात.

पहिली वाट समितीच्याच हातात आहे, संकलन शुल्क. तुमच्या हद्दीतून धंद्यासाठी माल नेणाऱ्याकडून समिती शुल्क घेऊ शकते. त्यासाठी ठराव करा, कुठल्या मालाला किलोमागे किती, आणि मग व्यापाऱ्याला लेखी कळवा. दर असा ठेवा की तो पलीकडच्या गावात पळून जाणार नाही, खरं तर आजूबाजूच्या पाच-सात गावांनी मिळून एकच दर ठरवला तर पळायला जागाच राहत नाही. गावातल्या माणसांकडून आणि वैदूंकडून काही घ्यायचं नाही, त्यांना कायद्यानेच सूट आहे. आणि सामूहिक वनहक्क, म्हणजे वनहक्क कायद्याने जंगलावर सगळ्या गावाचा मिळून हक्क, मिळालेलं गाव असेल तर मालावर ग्रामसभेचीच मालकी असते, गडचिरोलीच्या मेंढा-लेखाने 2009 मध्ये हक्क मिळवून पुढं स्वतःचा बांबू स्वतः विकला, त्यामुळे तिथं ग्रामसभेला सोडून समितीने एकटीनं काही ठरवू नये.

दुसरी वाट कंपनीकडून मंडळामार्फत. देशी कंपनीने नागपूरच्या महाराष्ट्र राज्य जैवविविधता मंडळाला आधी कळवायचं असतं, परदेशी कंपनीने चेन्नईच्या राष्ट्रीय प्राधिकरणाची परवानगी घ्यायची असते. 2025 च्या नियमांप्रमाणे कंपनीची वार्षिक उलाढाल 5 कोटीपर्यंत असेल तर काही नाही, 5 ते 50 कोटीला 0.2 टक्के, 50 ते 250 ला 0.4 आणि त्याच्या वर 0.6 टक्के, तेही त्या मालाच्या कारखान्यातून निघतानाच्या विक्री किमतीवर, कर सोडून. समजा कंपनी 60 कोटीची आहे आणि त्यातलं हिरड्याचं चूर्ण 10 कोटीचं, तर 4 लाख. आणि ते 4 लाख एकट्या तुमच्या गावाचे नाहीत बरं का, जिथून जिथून माल गेला त्या सगळ्यांचे. तेव्हा लॉटरी लागल्यासारखं नाचू नका. आंध्रात (आता तेलंगणात) अमरचिंता गावाच्या समितीला 2000 किलो कडुलिंबाची पानं जपानला गेली त्याचे साधारण 55 हजार रुपये मिळाले होते, एवढ्या आकड्याची तयारी ठेवा.

कंपनीवाले दोन पळवाटा सांगतात. एक, "त्रिफळा ग्रंथातलं आहे." ग्रंथातल्या ज्ञानाला सूट आहे हे खरं, पण तुम्ही ज्ञानाचे नाही, जंगलातून गेलेल्या मालाचे पैसे मागताय, दोन्ही वेगळं आहे हे शांतपणे सांगा. दुसरी, "हा लागवडीचा माल आहे." लागवडीच्या औषधी वनस्पतींना सूट आहे आणि तो दाखला समितीकडूनच घ्यायचा असतो. म्हणजे कोऱ्या कागदावर सही मागायला कुणीतरी येणारच. लावलेलं झाड आणि आपोआप उगवलेलं झाड यातला फरक तुम्हाला कळतो, नोंदवहीत बघा, जागेवर जा, मगच दाखला द्या. आमच्याकडे एक जण पेढे घेऊन आला होता. पेढे खाल्ले, सही नाही केली.

मंडळाला पत्र लिहिताना लांबलचक भाषण नको. समितीचा ठराव, नोंदवहीतलं ते पान, दोन-तीन वर्षांची आवक-जावक, व्यापाऱ्याच्या वजनपावत्या किंवा टेम्पोचे नंबर, आणि माल कुठल्या कंपनीला जातो असं कळलंय ते. वजनपावती व्यापारी देत नाही म्हणून काट्याचा फोटो काढा, तारखेसकट, आजकाल प्रत्येकाच्या खिशात फोन आहे. कायदा मोडला तर दंड 1 लाखापासून 50 लाखापर्यंत आहे, पण पहिल्याच पत्रात दंडाची भाषा करू नका, व्यापारी बिचकतो आणि हंगाम वेचणाऱ्यांचा बुडतो. पत्राची पोच घ्या, महिन्यानं आठवण, मग परत आठवण. आम्हाला पहिलं उत्तर सात महिन्यांनी आलं, त्यात त्यांनी नोंदवहीचीच प्रत परत मागितली होती.

तोवर स्थानिक जैवविविधता निधीचं बँक खातं उघडून ठेवा, पंचायतीच्या खात्यात मिसळू नका, एकदा गटारीच्या कामात गेले की परत येत नाहीत. सही अध्यक्ष आणि सचिव दोघांची, आणि पासबुकाची झेरॉक्स दर ग्रामसभेला भिंतीवर चिकटवायची. अमरचिंताने कडुलिंबाचीच रोपं लावली होती. आमच्याकडे पहिल्या संकलन शुल्काचे जे थोडे जमले त्यातून वेचणाऱ्या बायकांना ताडपत्र्या घेतल्या, कारण वळवाचा पाऊस आला की वाळवलेला हिरडा काळा पडतो आणि व्यापारी लगेच भाव पाडतो.