‘डिजिटल सही पडताळता आली नाही’ म्हणून इन्स्टॉल अडलं तर काय करावं

इन्स्टॉलर चालू केला की हा संदेश येतो आणि काम तिथंच थांबतं. डिजिटल सही म्हणजे फाइल खऱ्या कंपनीचीच आहे, मध्ये कुणी बदललेली नाही, याची खूण. उपाय शोधायला गेलं की पहिला सल्ला ठरलेला: कुठल्या तरी साइटवरून ‘विनट्रस्ट’ नावाची डीएलएल फाइल उतरवा आणि विंडोजच्या ‘सिस्टीम३२’ या फोल्डरमध्ये टाका. परभणीत मी १४ वर्षं कॉम्प्युटर दुरुस्त करतोय. या सल्ल्यानं बिघडलेल्या मशीन माझ्याकडं सारख्या येतात. “दादा, फाइल टाकली, तरीबी होईना, आता तर चालूच होईना,” असं म्हणत माणूस सीपीयू टेबलावर ठेवतो.

हे करूच नका. विनट्रस्ट ही विंडोजची सह्या तपासणारी फाइल. तीच अनोळखी ठिकाणाहून आणली, तर पुढच्या कुठल्याच तपासणीला अर्थ उरत नाही. शिवाय ६४ बिटच्या विंडोजमध्ये ‘सिस्टीम३२’त ६४ बिटच्या फाइली असतात आणि ३२ बिटच्या ‘सिसवॉव६४’मध्ये. नावं उलटी वाटतात, म्हणून लोक हमखास चुकीची फाइल चुकीच्या जागी टाकतात. बहुतेक वेळा विनट्रस्ट धडधाकट असते. बिघाड असतो तो ती ज्या नोंदी वाचते त्यांत.

आधी तारीख बघा. सहीमागचं सर्टिफिकेट ठरावीक तारखेपासूनच लागू होतं. घड्याळ मागं गेलं की ते अजून सुरूच झालेलं नाही, असं मशीनला वाटतं. लाइट रोज जाते तिथं मदरबोर्डवरची सीआर२०३२ बॅटरी लवकर उतरते. नवी टाका, तारीख लावा.

मग इन्स्टॉलरची फाइल तपासा. पेनड्राइव्हवरून दहा जणांकडून फिरून आलेली असेल तर फेकून द्या आणि मूळ साइटवरून घ्या. साइटनं एसएचए-२५६ (फाइलवरून काढलेला ६४ अक्षरांचा ठसा) दिला असेल, तर विंडोजमधल्या ‘सर्टयुटिल’ची हॅशफाइल कमांड एसएचए-२५६ साठी चालवून ती ६४ अक्षरं जुळवा.

विंडोज ७ असेल तर केबी ४४७४४१९ हा २०१९ चा अपडेट आहे का बघा. तो नसेल तर नव्या पद्धतीच्या सह्या त्या मशीनला ओळखू न येण्याची शक्यता असते.

एवढं करूनही संदेश येतोच, तर खरं काम पुढं आहे.

‘सिस्टीम३२’मध्ये ‘कॅटरूट’ आणि ‘कॅटरूट२’ असे दोन फोल्डर आहेत. पहिल्यात सह्यांच्या मूळ कॅटलॉग (यादीच्या) फाइली असतात, दुसऱ्यात त्यांचा डेटाबेस. बिघडतो तो डेटाबेस. काम चालू असताना लाइट गेली की हमखास. कॅटरूट२ बाजूला केला तर विंडोज तो नव्यानं बनवतं. कॅटरूट मात्र बनवत नाही. नावात फरक फक्त दोनच्या आकड्याचा, आणि मी तिथंच चुकलो होतो. पीक विम्याची मुदत चार दिवसांवर, सेवा केंद्राचं मशीन माझ्या टेबलावर आणि बाहेर शेतकऱ्यांची रांग. घाईत मी कॅटरूटच काढून टाकला, तोही नाव न बदलता, थेट डिलीट. नंतर एकही ड्रायव्हर बसेना. रात्रभर बसून डेटा काढला आणि विंडोज नव्यानं टाकलं. रांगेतल्या माणसांचा तो दिवस वाया गेला, हे मला आजही सलतं. म्हणून सांगतो, एंटर दाबण्याआधी आकडा मोठ्यानं वाचा आणि डिलीट कधीच करू नका, फक्त नाव बदला.

दुसरी अडचण ‘ॲक्सेस डिनाइड’ची. विंडोजमध्ये मागं चालणारी क्रिप्टोग्राफिक सर्व्हिस कॅटरूट२ फोल्डर धरून ठेवते आणि बंद केली तरी क्षणात परत उठते. आधी नेट काढा, विंडोज अपडेटची सर्व्हिस थांबवा. मग ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून कमांड प्रॉम्प्ट उघडून ‘सिस्टीम३२’मध्ये जा आणि दोन कमांड एकाच ओळीत, मध्ये दोन अँपरसँड देऊन, लिहा: आधी ‘नेट स्टॉप क्रिप्टएसव्हीसी’, लगेच ‘रेन’ या नाव बदलायच्या कमांडनं कॅटरूट२ चं नाव कॅटरूट२ जुना असं काहीतरी. अर्थात टाइप इंग्रजी अक्षरांतच करायचं. एका ओळीत दिलं की सर्व्हिसला उठायला वेळ मिळत नाही. हे जुन्या पॉवरशेलमध्ये चालत नाही, कमांड प्रॉम्प्टच हवा. तरीही अडलं तर सेफ मोडमध्ये करा. झालं की ‘नेट स्टार्ट’नं दोन्ही सर्व्हिस चालू करा आणि नेट जोडा.

आता विंडोजच्या फाइली. सगळीकडं आधी एसएफसी स्कॅननाऊ ही खराब फाइली शोधून बदलणारी कमांड चालवायला सांगतात. मी आधी डीआयएसएमचं रिस्टोरहेल्थ चालवतो (विंडोज ७ वर ते नाही). एसएफसी चांगली प्रत ‘विनएसएक्सएस’ या साठ्यातून घेते. साठाच खराब असेल तर ती देणार काय? डीआयएसएम तो साठा विंडोज अपडेटवरून नीट करतं, म्हणून नेट लागतं. मोबाइलच्या हॉटस्पॉटवर टक्क्यांचा आकडा बराच वेळ एकाच जागी थांबलेला दिसेल. खिडकी बंद करू नका. ते संपलं की एसएफसी. विनट्रस्ट खरंच खराब असेल तर मायक्रोसॉफ्टची अस्सल प्रत इथंच बसते.

रीस्टार्ट करा आणि इन्स्टॉलर चालवा. बाकी सगळं बसतंय आणि एकच पॅकेज अडतंय, तर दोष त्या पॅकेजचा आहे. सहीची तपासणी बंद करून ते बसवू नका, ते पॅकेजच काढून टाका.