प्राध्यापक भरतीवर कोर्टात जायचंय? आधी माझी चूक वाचा

नेट, म्हणजे प्राध्यापकीची राष्ट्रीय पात्रता परीक्षा झाली, पीएचडी झाली, डिचोलीहून बस पकडून चार वर्षं लेक्चर बेसिसवर, म्हणजे तासागणिक पैशांवर, शिकवून झालं, मग एकदाची एका अनुदानित कॉलेजात इतिहासाची परमनंट पोस्ट निघाली आणि मुलाखतीचं पत्र आलं. कॉलेजचं नाव घेत नाही, गोवा केवढासा, कळायचं त्यांना कळेलच. बाहेर बाकावर माझ्या शेजारी एक मुलगा फाईल मांडीवर घेऊन बसलेला. बिस्किटाचा पुडा पुढे करत तोच म्हणाला, आत निवड कमिटीत माझे पीएचडीचे गाइड आहेत एक्सपर्ट म्हणून. अगदी सहज, लपवण्यासारखं काही असतं हे त्याच्या गावीही नव्हतं. मला खटकलं, पण म्हटलं आता तोंड उघडलं तर आहे तो चान्सपण जाईल. आत गेले, वीस मिनिटं बरी बोलले, घरी आले. सिलेक्शन त्याचं झालं.

मग चेव आला. कागद गोळा करून पर्वरीला हायकोर्टात प्रॅक्टिस करणाऱ्या एका वकीलबाईंकडे गेले. त्यांनी फाईल उघडलीसुद्धा नाही. पहिला प्रश्न, "हे तुम्हाला मुलाखतीआधी माहीत होतं?" हो म्हटलं. "लिहून काही दिलंत?" नाही म्हटलं. त्यांनी फाईल माझ्याकडे सरकवली आणि सुप्रीम कोर्टाचा १९७६ चा निकाल सांगितला, डॉ. जी. सरना विरुद्ध लखनौ विद्यापीठ. मानववंशशास्त्राच्या प्रोफेसर पदाची निवड, कमिटीतले लोक पक्षपाती होते अशी तक्रार, आणि कोर्ट म्हणालं की तुम्हाला सगळं ठाऊक होतं, तरी तुम्ही मुलाखतीला बसलात, आता निकाल विरोधात गेल्यावर बोलता येणार नाही. १९९५ चा मदनलाल निकालही त्याच वळणाचा. माझी केस पन्नास वर्षांपूर्वीच हरलेली होती म्हणायची! एखादी गोष्ट तुम्हाला खरंच नंतर कळली असेल तर मुद्दा वेगळा, पण मला तर बिस्किट खाता खाता कळली होती.

नवीन मुलं हमखास अजून एका गोष्टीत फसतात, ती म्हणजे स्कोअर. यूजीसीच्या, म्हणजे विद्यापीठ अनुदान आयोगाच्या, २०१८ च्या नियमांत कॉलेजसाठी टेबल ३बी आहे, त्यात पीएचडीला २५ गुण, नेटला ८, सेटला (राज्याची पात्रता परीक्षा) ५, शिकवण्याच्या अनुभवाला वर्षाला २ असे करत जास्तीत जास्त १०. विद्यापीठाच्या विभागांना टेबल ३ए, तिथे पीएचडीला ३० पण नेटला ५ आणि सेटला ३च. आता "माझा स्कोअर ७८, त्याचा ७०, मग तो कसा लागला" म्हणून भांडायला जाऊ नका, कारण हा स्कोअर फक्त मुलाखतीला कोणाला बोलवायचं एवढ्यापुरता, निवड मुलाखतीवरच होते असं नियमातच लिहिलंय. स्कोअर चुकवल्यामुळे तुम्हाला बोलावलंच नाही, तर मात्र भांडा, आणि लगेच, मुलाखती होऊन जायच्या आधी.

"मी त्याच्यापेक्षा चांगली शिकवते" हा तर मुद्दाच नाही. म्हैसूर विद्यापीठातल्या इंग्रजीच्या रीडर या अध्यापक पदाच्या केसमध्ये १९६३ सालीच सुप्रीम कोर्टाने सांगून ठेवलंय की विषयातल्या तज्ज्ञांचं मत सहसा त्यांच्यावरच सोडावं. कोर्ट बघतं ते वेगळंच. लागलेल्या माणसाकडे किमान पात्रता होती का, कमिटी नियमाप्रमाणे होती का, खेळ सुरू झाल्यावर नियम बदलले का. हा शेवटचा मुद्दा दणकट आहे. मंजुश्री निकालात, २००८ मध्ये, मुलाखती उरकल्यावर मुलाखतीत किमान गुणांची अट घुसवली होती ती कोर्टाने उडवली, आणि नोव्हेंबर २०२४ मध्ये पाच न्यायाधीशांच्या खंडपीठानेही मधेच नियम बदलता येत नाहीत हेच म्हटलं. म्हणून जाहिरात निघाली त्याच दिवशी पीडीएफ सेव्ह करा, वेबसाइटवरची जाहिरात कधी गायब होते पत्ता लागत नाही.

आरटीआयचा (माहिती अधिकाराचा) अर्ज १० रुपयांत होतो, उत्तराला ३० दिवस. त्यात "का घेतलं नाही" असं विचारू नका, कारणं मिळत नाहीत, कागद मिळतात. शॉर्टलिस्टिंगचा तक्ता मागा, कमिटीत कोण होते ते मागा, कमिटीच्या बैठकीचे मिनिट्स, म्हणजे इतिवृत्त, मागा. पण उत्तराची वाट बघत सहा महिने घरी बसू नका, उशीर का केला हे कोर्ट विचारतंच. आणि जो लागलाय त्याला केसमध्ये पार्टी, म्हणजे प्रतिवादी, करावंच लागतं. मला हे सगळ्यात जड गेलं असतं, बिस्किटवाल्याला नोटीस.

जिंकलात तरी नोकरी हातात पडेल असं नाही. बहुतेक वेळा ती निवड रद्द होते आणि पुन्हा विचार करा असं सांगतात. माझ्या ओळखीचा एक जण केस जिंकला, पुन्हा मुलाखती झाल्या, लागली तिसरीच.

मी पिटिशन टाकलं नाही. पुढच्या वेळी दुसऱ्या एका कॉलेजात तसंच काही कानावर आलं तेव्हा मुलाखतीच्या आदल्या संध्याकाळी प्रिन्सिपलना दोन ओळींचा ईमेल टाकला, अमुक तज्ज्ञ अमुक उमेदवाराचे गाइड आहेत, माझी हरकत नोंदवून घ्यावी, मी हरकत राखून मुलाखतीला येत आहे. सेंड दाबताना हात थरथरत होता, खोटं कशाला सांगू. सकाळी गेले तर खुर्चीवर दुसरे सर. नंबर दुसरा आला. वेटिंग लिस्टला अजून चार महिने आहेत, तोवर सात वीसची बस आणि लेक्चर बेसिसचे तास चालू आहेत.