मुकुट कधी चढणार ते आपल्या हातात नसतं

काल्पनिक जगांसाठी, म्हणजे मुख्यतः गेमसाठी, संगीत करायला लागून मला पाच वर्षं झाली. अजूनही ब्रीफमध्ये 'राज्याभिषेक' शब्द दिसला की पोटात गोळा येतो. लूप, लेयर, सॅम्पल लायब्ररी हे तुम्हाला माहीत आहे असं धरतो. ते शिकवणारे व्हिडिओ ढिगानं आहेत. मी पडलो तो खड्डा मात्र कुणी दाखवला नव्हता.

पहिलं मोठं काम परदेशातल्या एका छोट्या स्टुडिओचं. मिठागरांवर जगणाऱ्या लोकांचं राज्य आणि त्यांच्या राणीचा राज्याभिषेक. मी तीन मिनिटं चाळीस सेकंदांची रचना केली. आधी शिंगाचा एकच सूर, मग नगारे, मग कोरस, आणि बरोबर दोन मिनिटं पन्नास सेकंदांनी सगळं एकदम उसळतं, तो मुकुटाचा क्षण. आईला ऐकवलं, तिच्या अंगावर काटा आला. स्टुडिओनंही वाहवा केली. मग ते गेममध्ये बसवलं आणि माझी झोप उडाली.

कारण मुकुट चढतो तो खेळणाऱ्यानं बटण दाबल्यावर. टेस्टिंगमध्ये एकानं दरबारात शिरून चाळीस सेकंदांत बटण दाबलं. मुकुट चढला तेव्हा माझे नगारे नुकते कुठे सुरू होत होते. दुसरा सहा मिनिटं खांबांवरचं नक्षीकाम बघत फिरला. माझा तो अंगावर काटा आणणारा क्षण त्यानं एका कोपऱ्यातल्या रांजणासमोर ऐकला, आणि मुकुट चढताना सन्नाटा.

हे नीट समजून घ्या, कारण माझं दीड महिन्याचं काम यात गेलं. समारंभाचं संगीत समारंभाची वाट बघतं, आणि मी उलटं केलं होतं. खरं तर लहानपणापासून शंभर लग्नांत मी हे पाहिलं होतं. मुहूर्ताला चार मिनिटं आहेत, मामा नवरीला घेऊन अजून पोचायचाय. भटजी काय करतात? आणखी एक मंगलाष्टक. मग कुणीतरी मावशी स्वतः रचलेलं म्हणायला पुढे येते, पर्समधून कागद काढते, चष्मा शोधते. चालतं! कारण प्रत्येक कडवं 'कुर्यात् सदा मंगलम्'वर येऊन टेकतं आणि तिथून दोन वाटा फुटतात : पुढचं कडवं, नाहीतर 'तदेव लग्नं'. वाजंत्रीवाल्याचं लक्ष भटजींच्या हाताकडे असतं. अंतरपाट निघाला की त्याच क्षणी सनई-चौघडा. घड्याळ बघून वाजवणारा वाजंत्रीवाला तुम्ही कधी पाहिलाय? मी तो होतो.

मग सगळं तोडून पुन्हा बांधलं. दरबारातल्या वाट पाहण्याची आठ-आठ बारची चार कडवी केली, कुठल्याही क्रमानं लागतील अशी, आणि मुकुटाचा भाग वेगळा काढला. एफमॉडमध्ये, म्हणजे गेममध्ये संगीत बसवायच्या सॉफ्टवेअरमध्ये, बटण दाबल्यावर पुढच्या बारला उडी मारायला सांगितलं. तरी फसलं. साठच्या टेम्पोत चार मात्रांचा बार चार सेकंदांचा होतो. बार सुरू झाल्या झाल्या बटण दाबलं, तर मुकुट डोक्यावर आणि संगीत जवळजवळ चार सेकंद आपल्याच तंद्रीत. अंतरपाट निघाल्यावर चार सेकंद सगळे एकमेकांची तोंडं बघतायत अशी कल्पना करा. शेवटी बटणाबरोबर नगाऱ्याची एक थाप ताबडतोब, आणि कोरस पुढच्या मात्रेला, म्हणजे फार तर एका सेकंदात, असं केलं. ती एक थाप नसती तर मी हा धंदा सोडला असता.

आणखी एक गोष्ट, हार्मोनियम शिकलेल्यांसाठी खास. हात सवयीनं 'सा'वर येऊन टेकतो. माझं प्रत्येक कडवं तसंच संपायचं, त्यामुळे ऐकणाऱ्याला वाटायचं, झालं. आणि मग तेच पुन्हा सुरू व्हायचं, पाहुणे निघाल्यावर पुन्हा चहा ठेवावा तसं. आता वाट बघायच्या भागात मी 'रे' किंवा 'प'वर लोंबकळत ठेवतो आणि 'सा' मुकुटासाठी राखतो. हॅन्डेलनं १७२७ मध्ये दुसऱ्या जॉर्जच्या राज्याभिषेकासाठी केलेलं 'झेडॉक द प्रीस्ट' ऐका. व्हायोलिनं कितीतरी वेळ नुसती हलत राहतात, कोरस येतच नाही, आणि येतो तेव्हा छत उडतं.

लूपच्या फाइल एमपीथ्रीत देऊ नका. एनकोडर सुरुवातीला बारीकशी शांतता घालतो आणि सांधा दर वेळी ठेचकाळतो. वेव्ह द्या, नाहीतर ऑग.

काल्पनिक भाषेतल्या कोरसबद्दल थोडंसं. माझ्याकडे आलेल्या शब्दांत आशीर्वादासाठी 'कांदोरे' असा शब्द होता. तीनदा, वरच्या पट्टीत, पूर्ण ताकदीनं. गाणाऱ्यांत एक मालवणची होती. पुढची वीस मिनिटं रेकॉर्डिंग झालं नाही. शब्द आधी चार वेगवेगळ्या भाषांच्या माणसांकडून मोठ्यानं वाचून घ्या.

'एपिक' नावाचे तयार प्रीसेट वापरू नका. माझं हे मत थोडं कडू आहे, माहीत आहे. पण त्या जगात लाकूड मिळत नसेल तर व्हायोलिन आलं कुठून, हा प्रश्न प्रीसेट विचारत नाही. मीही एका ऑनलाइन गुरूंचा महागडा कोर्स केला होता. त्यांनी प्लगइन भरपूर दाखवले, एकही समारंभ दाखवला नाही. त्यापेक्षा लग्नाच्या बँडचा मास्टर गाठा. वरात अडली की तो काय करतो ते बघा, एक चहा पाजा. माझं अर्धं शिक्षण तिथं झालं आणि त्यानं एक पैसा घेतला नाही.

पैशांचं आधी बोला, लेखी. दर बहुतेक वेळा तयार मिनिटामागे ठरतो आणि बत्तीस सेकंदांच्या एका कडव्याला दोन आठवडे लागतात. बदल किती वेळा करून देणार, तेही लिहून घ्या. मी घेतलं नव्हतं. त्या राणीचा मुकुट अकरा वेळा बदलला.

एवढं वाचून घाबरला असाल तर घाबरू नका. पहिली रचना फुकट जात नाही. माझ्या त्या तीन मिनिटं चाळीस सेकंदांतूनच चारही कडवी निघाली, कोरसही तोच राहिला, फक्त कांदा काढला.

सध्या त्याच राज्यातल्या एका अंत्ययात्रेवर बसलोय. खांदेकऱ्यांच्या पावलांवर लय बांधून झाली होती. काल डिझायनरचा मेल आला : खेळणाऱ्याला वाटेत कुठेही तिरडी खाली ठेवून बसता येईल, हवा तितका वेळ.