गाण्याला पियानोची साथ: पट्टी, श्वास आणि पेडल

आधी पट्टी पक्की करा. गाण्यातला सर्वांत वरचा सूर कोणता, यापेक्षा गळा बहुतेक वेळ कुठे फिरतो ते पाहा. वरचा सूर एकदाच येत असेल तर निभतो. सगळा अंतरा तिथेच रेंगाळत असेल तर पट्टी एक-दोन अर्धस्वर उतरवा. काळी दोनची पांढरी दोन केली की गळा मोकळा होतो, पण वादकाची बोटांची सगळी ठेवण बदलते. म्हणून हा निर्णय पहिल्याच तालमीत व्हावा. बहुतेक डिजिटल पियानोंवर ट्रान्सपोजची, म्हणजे बोटं तीच ठेवून पट्टी बदलायची, सोय असते, फक्त ती पूर्ववत करायला विसरलात तर पुढचं गाणं भलत्याच पट्टीत सुरू होईल.

लय ठरवायला सर्वांत लांब ओळ घ्या. ती एका श्वासात आरामात जाईल, ती लय. श्वासाच्या जागा दोघांच्याही प्रतींवर स्वल्पविरामाने दाखवा.

आता खरी गोम. 'स्मरण' म्हणताना 'स्म' ठोक्याच्या किंचित आधी उच्चारला जातो आणि त्यातला 'अ' ठोक्यावर येतो. कॉर्ड, म्हणजे एकत्र वाजवलेले सूर, त्या 'अ'बरोबर पडायला हवा. 'स' ऐकताच बोटं दाबली की गायकाला आपण मागे पडलो असं वाटतं, तो घाई करतो आणि मग दोघंही पळत सुटतात. यावर उपाय म्हणजे वादकाने शब्द पाठ करायचे आणि मनात म्हणत वाजवायचं. ओळीआधीचा श्वासही बघा: तो संथ की झटकन, यावरून येणारी लय कळते. त्यासाठी गायकाने ग्रँड पियानोच्या वळणात उभं राहावं; अपराइट, म्हणजे उभा पियानो असेल तर वादकाच्या उजव्या हाताला, थोडं तिरकं.

आवाज दबतोय? ग्रँडचं झाकण आखूड काठीवर आणा. तरीही दबला तर दोष बहुधा डाव्या हाताचा असतो: खालच्या सुरांतले जाड कॉर्ड आणि न बदललेलं पेडल (सूर लांबवणारी पायाची कळ). खालचे एक-दोन सूर गाळा, कॉर्ड बदलला की पेडल बदला, म्हणजे सोडून पुन्हा दाबा. गायकाची चाल उजव्या हाताने जशीच्या तशी वाजवू नका. पियानोचा सूर जागेवरून हलत नाही, गळा मात्र मींड घेतो. दोन्ही एकत्र आले की गायकच बेसूर वाटतो.

गायकाने ओळ गाळली तर थांबू नका, त्याच्या ओळीवर उडी मारा. अशा दोन-तीन जागा तालमीतच वाजवून ठेवा.

शेवटच्या सुराला पेडल गायकाच्या आवाजाबरोबरच सोडायचं की मागे रेंगाळू द्यायचं, हेही आधीच बोलून घ्या.