पणजीतल्या एका गल्लीवर माहितीपट कसा करावा

पणजीतल्या फोंतेन्हास या जुन्या वस्तीच्या रंगीत भिंती आजवर इतक्यांनी टिपल्या आहेत की आणखी एका देखण्या भिंतीची कुणाला गरज नाही. घर कसं वापरलं जातं, ते दाखवा.

आधी विषय आवळून घ्या. 'पणजीचा वारसा' हा विषय नव्हे. एक गल्ली, दोन-तीन घरं आणि उजाडल्यापासून दुपारच्या सामसुमीपर्यंतचा वेळ एवढं पुरे. पणजीतल्याच मळा या भागात मारुतीच्या देवळाच्या आसपासची घरंही चालतील. मला तर तीच जास्त आवडतात.

मग परवानगी. गोव्यात चित्रीकरणाचा परवाना एन्टरटेन्मेंट सोसायटी ऑफ गोवा देते. पण कागदापेक्षा दारातल्या माणसाचा होकार मोठा. फोटोवाल्यांना कंटाळून फोंतेन्हासमधल्या काही रहिवाशांनी मनाईच्या पाट्या लावल्यात. तिथे ट्रायपॉड उघडूच नका. सुरुवातीला काही सकाळी रिकाम्या हातांनी जा आणि कुठलं दार कधी उघडतं ते टिपून ठेवा.

अरुंद गल्लीत कॅमेरा वर वळवला की भिंती मागे कलंडतात. तो पातळीत ठेवा आणि समोरच्या सज्जातून शॉट घ्या. सज्जा मागायच्या निमित्ताने ओळखही होते. सेकंदाला २५ फ्रेम आणि शटर १/५० ठेवा. आपली वीज ५० हर्ट्झची असल्याने ट्यूबलाइट लुकलुकत नाही.

शिंपल्यांच्या खिडकीचा बाहेरून एकच शॉट घ्या आणि आत जा. लाकडी चौकटीतले पातळ शिंपले उजेड आत सोडतात, पण दुधाळ करून. एक्सपोजर खिडकीवर लावा, खोली काळोखी दिसली तर दिसू दे. कुणीतरी झडप उघडेपर्यंत रेकॉर्डिंग चालू ठेवा. जमिनीवर उन्हाचा कडक पट्टा पडला की शिंपले कशासाठी होते ते निवेदनाशिवाय कळतं.

सकाळी पोदेर, म्हणजे पाववाला, येतो तेव्हा त्याच्या सायकलमागे धावू नका. कॅमेरा दारावर रोखून ठेवा. आधी लांबून भोंग्याचं पों-पों, मग कडीचा आवाज, मग पिशवी धरलेला हात. हा क्रम संकलनात मोडू नका. प्रत्येक खोलीतली नुसती शांतता मिनिटभर वेगळी ध्वनिमुद्रित करा; पुढे जोडकामाला लागतेच.

मुलाखतीत 'या घराविषयी काय वाटतं?' विचारलंत तर भाषण मिळेल. 'पावसाआधी कौलं कोण चाळतं?' असं विचारा. गवंडी कामावर असेल तर मुलाखत सोडा आणि त्याच्या थापीकडे वळा. चिऱ्याच्या भिंतीतली ओल चुन्याच्या गिलाव्यातून बाहेर पडते, सिमेंटखाली कोंडते. त्यामुळे तो काय लावतोय ते महत्त्वाचं.

कच्चं संकलन झालं की आधी घरवाल्यांना दाखवा. देवघर किंवा कपाट नको म्हणाले, तर तो शॉट काढा.