घटिकापात्र घरी कसं बनवायचं आणि घटका नेमकी कशी धरायची

आमच्या घरी आजोबांपासून घटका पाळतात. उगवतीला देवपूजेच्या आधी घंगाळात बुडाला बारीक भोक असलेली तांब्याची वाटी, म्हणजेच घटिकापात्र, सोडायची आणि ती बुडेपर्यंत जपाला बसायचं. सांगलीत आमच्या गल्लीतली माणसं म्हणतात तुमचा हा वेळेचा पंथच आहे, तर असू दे, पाळायचा तर काटेकोर पाळायचा. दोन वर्षांपूर्वी माझ्या भाचीच्या लग्नात कार्यालयातलं घड्याळ ६ मिनिटं मागं होतं, गुरुजींचा मोबाईल वेगळं सांगत होता, फोटोवाले अजून थांबा म्हणत होते, आणि ह्या सगळ्यात अक्षता पडायला उशीर झाला तो झालाच. मला फार लागलं ते. म्हणून सगळं सविस्तर लिहितोय.

आधी हिशोब डोक्यात पक्का करा. दिवस-रात्र मिळून ६० घटका, म्हणजे १ घटका २४ मिनिटांची. १ घटका म्हणजे ६० पळं, १ पळ २४ सेकंदांचं. २ घटकांचा १ मुहूर्त, ४८ मिनिटं. सूर्यसिद्धांत ह्या जुन्या खगोलग्रंथात पण हेच सांगितलंय, तांब्याचं पात्र, बुडाला भोक, स्वच्छ पाण्यात ठेवलं की अहोरात्रात ६० वेळा बुडतं.

आता वाटी. तोंडाला १२ सेंटीमीटरच्या आसपास, निम्म्या नारळासारखी गोल, तांब्याचीच घ्या. स्टीलची पण चालते पण तिला डाग देणं (म्हणजे कथील वितळवून लावणं) अवघड, आणि डाग पुढं लागणार आहे. भोक पाडायला तांबटापेक्षा सोनाराकडं जा, त्याच्याकडं बारीक ड्रिल असतं. भोक बुडाच्या बरोबर मध्यावर, आणि १ मिलिमीटरपेक्षा कमीच पाडायला सांगा, कारण भोक मोठं करता येतं, लहान करायचं तर डाग देऊन बुजवा आणि परत पहिल्यापासून पाडा. भोकाची आतली कड बोटाला खरखरीत लागली तर बारीक पॉलिश पेपर फिरवा, नाहीतर तिथं कचरा अडकतो.

घंगाळ असं पाहिजे की वाटी बुडून तळाला गेली तरी वर चार बोटं पाणी राहील. पाणी फडक्यातून गाळूनच घ्या. बोअरचं पाणी नको, क्षार बसून भोक बारीक होत जातं आणि महिन्याभरात घटका लांबते, आपल्याला कळत पण नाही.

पहिल्यांदा सोडाल तेव्हा एक गंमत दिसेल. वाटी तरंगते, भोकाशी पाण्याचा फुगीर टिपका दिसतो आणि आत काही येतच नाही. मी पहिल्या वेळी पाच मिनिटं बघत बसलो होतो की भोक बुजलंय का काय. भोक चांगलं होतं, वाटीला हाताचं तेल लागलेलं. चिंच-मीठ लावून घासा, धुवा, आणि सोडायच्या आधी आतून पाण्याचं बोट फिरवून बूड ओलं करा, मग लगेच बारीक कारंजं सुरू होतं. ही एक गोष्ट चुकली तर पुढचा सगळा हिशोब चुकतो.

मग मोबाईलचं स्टॉपवॉच लावा. वाटी पाण्याला टेकली की सुरू, काठ पाण्याखाली गेला की बंद. शेवटी काठाशी पाणी आलं की ती एकदम गटकन जाते आणि तळाला टण्ण वाजते, त्या आवाजाची वाट बघू नका, काठ बघा. सुरुवातीला २७-२८ मिनिटं लागली तर चांगलंच, सुई फिरवून भोक केसभर वाढवा आणि परत मोजा. २४ मिनिटांच्या वर १०-१५ सेकंद उरले की सुई ठेवून द्या. आता बुडाशी आतून, भोकापासून लांब, डागाचा एक थेंब टाकून घ्या, वजन वाढलं की वाटी लवकर बुडते. एकदा बरोबर आलं म्हणून सोडायचं नाही, सलग पाच वेळा बरोबर आलं पाहिजे. आणि ज्या पाण्यात वापरणार त्याच पाण्यात मोजा, कारण गार पाणी भोकातून सावकाश येतं, माझ्या वाटीत थंडीतली पहाट आणि मे महिन्यातली दुपार ह्यात अर्ध्या मिनिटाचा फरक पडतो.

लग्नाच्या दिवशी घटका सूर्योदयापासून धरतात, सूर्यबिंब अर्धं दिसलं की वाटी सोडायची. समजा सूर्योदय ६:१० आणि मुहूर्त १२:३४, तर मधे ३८४ मिनिटं, म्हणजे बरोबर १६ घटका. इथं लोक एक मोठी चूक करतात. पंचांगात मुंबईचा सूर्योदय दिलेला असतो आणि तोच सांगलीला लावतात. सांगली मुंबईच्या बरीच पूर्वेला, नुसत्या रेखांशामुळं जवळजवळ ७ मिनिटांचा फरक, म्हणजे १७ पळं गेली की! साताऱ्याची आणि सांगलीची उगवती पण दोनेक मिनिटांनी मागंपुढं होते. साताऱ्यात तर पूर्वेला डोंगर, सूर्य वर आलेला दिसतो तेव्हा उगवून वेळ झालेला असतो, तिथं डोळ्यावर न जाता आपल्या गावाचं गणित केलेल्या पंचांगाची वेळ धरा.

आणि एक, वाटी बुडाली की बाहेर काढून, ओतून परत सोडायला ८ सेकंद जातात. कमी वाटतात, पण आम्ही चौघांनी पाळ्या लावून अख्खं अहोरात्र मोजलं तेव्हा ६० वेळा मिळून ८ मिनिटं, म्हणजे २० पळं खाल्ली ह्या ८ सेकंदांनी. म्हणून एकसारख्या मोजलेल्या दोन वाट्या ठेवा, पहिलीचा काठ बुडाला त्याच क्षणी दुसरी सोडायची, पहिली मग निवांत काढा. मोजायला परातीत सुपाऱ्या, प्रत्येक घटकेला एक सुपारी दुसऱ्या ताटात. तोंडानं मोजू नका, कोणीतरी चहा विचारायला येतं आणि आकडा जातो. घंगाळापाशी बसणाऱ्याला दुसरं काही काम सांगायचं नाही, पंखा बंद, पोरं लांब, कारण घंगाळाला धक्का लागून काठावरून पाणी आत गेलं तर ती घटका बाद.

शेवटच्या घटकेला गुरुजींना आधीच सांगून ठेवा की मंगलाष्टकं आमच्या हाताकडं बघून आवरा. मी हात वर धरून बसतो, वाटी गेली की खाली. मागच्या मार्गशीर्षात मिरजेला पुतण्याच्या लग्नात असंच केलं, वाटी गेली, हात खाली आला आणि अंतरपाट सरला. काम झालं की वाटी कोरड्या फडक्यानं पुसून पालथी ठेवा, आणि भोकात काडी घालून साफ करायला कोणाला देऊ नका.